देवस्थानाचा दावा चालणार कुठे?

फाल्गुन लागला की रत्नागिरी जिल्ह्यातल्या पोलीस ठाण्यांत बैठकांना सुरुवात होते. गावात देवाला रूपं लागतात, पालखी सजते, ढोल तापवले जातात. इकडे ठाण्यात निरीक्षक दोन गटांना समोरासमोर बसवून विचारत असतात, की यंदा पालखीला पहिला खांदा कुणाचा, होळीला पहिला हात कुणाचा आणि सहाणेवर पहिला नारळ कोण देणार. रत्नागिरी शहरात बारा वाड्यांचा भैरी बाहेर पडतो तेव्हा पोलीस त्याला मानवंदना देतात. काही गावांत मात्र पोलीस येतात ते बंदोबस्तालाच, आणि समेट झाला नाही तर पालखी देवळातच राहते.

शिमगा सरतो, तंटा उरतो. मग कुणीतरी म्हणतं, ‘कोर्टात जाऊ.’ तालुक्याला वकील गाठला जातो, जुने कागद, पावतीपुस्तकं, सातबारा, आजोबांच्या नावाची एखादी पुरशिस अशी पिशवी टेबलावर रिकामी होते आणि दिवाणी न्यायालयात दावा दाखल होतो. प्रतिवादीची कैफियत येते. तिच्यातला बहुधा पहिलाच परिच्छेद सांगतो की हा दावा या न्यायालयात चालू शकत नाही. खरं कोण, खोटं कोण हा प्रश्न बाजूला पडतो आणि पुढची काही वर्षं पक्षकार एकाच मुद्द्यावर तारखा घेत बसतात: हे प्रकरण ऐकण्याचा अधिकार कुणाला?

देवस्थानाच्या भांडणात ‘कोर्टात जाऊ’ हे वाक्य अपुरं आहे. अशा एका भांडणाच्या पोटात पाच-सहा वेगवेगळे प्रश्न असतात आणि कायद्याने त्यातल्या प्रत्येकाला वेगळं दार नेमून दिलेलं आहे. गावाला वाटतं भांडण एक आहे. कायदा त्याचे तुकडे करतो.

मूळ नियम दिवाणी न्यायालयाच्या बाजूचा आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९ म्हणतं की कायद्याने उघडपणे किंवा गर्भितपणे मनाई केलेली नसेल, तर दिवाणी स्वरूपाचा प्रत्येक दावा चालवण्याचा अधिकार दिवाणी न्यायालयाला आहे. देवाधर्माचा विषय निघाला म्हणून न्यायाधीशाने हात वर करायचे नाहीत. याच कलमाचं स्पष्टीकरण सांगतं, की मालमत्तेचा किंवा पदाचा हक्क वादात असेल तर तो दावा दिवाणीच, मग तो हक्क संपूर्णपणे धार्मिक विधींच्या प्रश्नावर अवलंबून का असेना. १९७६ च्या दुरुस्तीने आणखी एक स्पष्टीकरण जोडलं: त्या पदाला काही मिळकत किंवा दक्षिणा जोडलेली आहे की नाही याने फरक पडत नाही.

इथे ‘पद’ हा शब्द कोकणच्या दृष्टीने फार मोलाचा. गुरवाचं पद हे पद आहे. पूजा कोणी करायची, उत्पन्नातला वाटा कोणाला, पाळी कोणाची, याचा निवाडा दिवाणी न्यायालयं इंग्रजी अमलापासून करत आली आहेत. पण नुसता मान? पहिलं तीर्थ मला, पालखी आधी माझ्या अंगणात, होळीच्या शेंड्याला पहिला हार माझा, असा दावा कुठल्याही पदाशी जोडलेला नसेल तर दिवाणी न्यायालय तो ऐकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये सिंह रामानुज जीयर विरुद्ध रंग रामानुज जीयर या तमिळनाडूतल्या मंदिराच्या प्रकरणात हा भेद पक्का केला. तिथलं भांडणही मठाधिपतींमधल्या पहिल्या तीर्थाचं आणि मानपानाचंच होतं. निव्वळ धार्मिक मानमरातबासाठी दावा चालत नाही. पदाचा हक्क सिद्ध झाला आणि मान त्या पदाचा भाग असला, तरच न्यायालय त्यात पडेल.

म्हणून रत्नागिरीतला जाणता वकील मानकऱ्याला आधी हेच विचारतो, की तुमचा मान कशाबद्दलचा? तुमच्या घराकडे देवाचं काही काम आहे का? निशाण धरणं, कौल लावणं, रूपं सांभाळणं, पालखीची वाट ठरवणं? नेमलेलं काम आणि त्यापोटी मान असेल तर दाव्याला आधार मिळतो. ‘आमच्या आजोबांपासून पालखी आमच्याकडेच आधी येते’ एवढ्यावर दावा उभा राहत नाही. गावकऱ्यांना हे पटत नाही, आणि का पटावं? गावगाड्यात मान म्हणजेच हक्क. खोती गेली, इनामं गेली, कुळांना जमिनी मिळाल्या; मानाची उतरंड तेवढी राहिली. तिच्यासाठी माणसं मुंबईहून रजा टाकून येतात.

सरकारने जातीपातीच्या भांडणात पडू नये, हे धोरणही जुनंच. मुंबई इलाख्याच्या १८२७ च्या दुसऱ्या रेग्युलेशनमध्ये कलम २१ होतं. जातीच्या प्रश्नात न्यायालयाने ढवळाढवळ करू नये, फक्त नुकसानभरपाईचे दावे तेवढे ऐकावेत, असा त्याचा आशय. मात्र देवळाच्या पैशाअडक्याबद्दल तीच न्यायालयं हळूहळू कडक होत गेली. डाकोरच्या रणछोडरायाचं प्रकरण त्यातलं नामांकित. मंदिर गुजरातेत, पण बांधलेलं तांबेकरांनी. आणि मनोहर गणेश तांबेकर व इतरांनीच तिथल्या सेवकांविरुद्ध दावा लावला होता. भाविक देवापुढे टाकतात ते आमचं, असं सेवकांचं म्हणणं. १८८७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सांगितलं की देवापुढे आलेलं देवाचं. देव ही कायद्याच्या दृष्टीने धन धारण करू शकणारी व्यक्ती आहे आणि ते धन हाताळणाऱ्याने हिशेब दिला पाहिजे. देवस्थानाच्या हिशेबाबद्दल आज जे कायदे बोलतात, त्यांच्या मुळाशी हा निकाल आहे.

हिशेब मागायचा म्हणजे दर वेळी कुणीतरी पदरमोड करून दावा लावायचा, ही त्या काळची मोठी अडचण होती. दिवाणी संहितेच्या कलम ९२ खाली सार्वजनिक न्यासाविरुद्ध दावा करता येत असे. पण त्यासाठी परवानगी, वकील, जिल्ह्याच्या गावी फेऱ्या हे सगळं आलंच. १९३५ मध्ये न्यासांच्या नोंदणीचा कायदा आला, १९४८ मध्ये न्यायमूर्ती तेंडोलकर यांच्या अध्यक्षतेखाली समिती बसली आणि १९५० मध्ये मुंबई सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था कायदा झाला. आज त्याचं नाव महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम. धर्मादाय आयुक्त हे पद या कायद्याचं अपत्य, आणि रत्नागिरीतलं सहायक धर्मादाय आयुक्तांचं कार्यालयही त्याचंच.

या कायद्याला लगेच आव्हान मिळालं. एका जैन मंदिराचे वहिवाटदार रतिलाल पानाचंद गांधी सर्वोच्च न्यायालयात गेले. मार्च १९५४ च्या निकालात न्यायमूर्ती बी. के. मुखर्जी यांनी बहुतेक कायदा शाबूत ठेवला, पण धर्मादाय आयुक्तालाच धार्मिक न्यासाचा विश्वस्त नेमता येईल, ही तरतूद उडवली. देवस्थानाच्या मालमत्तेच्या कारभारावर राज्याला नियम घालता येतात. पूजा कशी करायची हे राज्याने सांगायचं नाही. पुढचा सगळा व्यवहार या रेषेवर चालतो.

आता त्या दोन कलमांकडे येऊ, ज्यांच्यामुळे दिवाणी न्यायालयातले दावे अडतात. कलम ७९ म्हणतं, की एखादा न्यास आहे की नाही, असल्यास तो सार्वजनिक आहे की नाही आणि अमुक मालमत्ता त्या न्यासाची आहे की नाही, हे उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्त ठरवतील. कलम ८० त्याला कुलूप लावतं: या कायद्याने जे प्रश्न या अधिकाऱ्यांनी ठरवायचे आहेत, किंवा ज्यांवरचा त्यांचा निर्णय अंतिम मानलेला आहे, ते दिवाणी न्यायालयाने ठरवायचे नाहीत. कुलपाला एक किल्लीही आहे. ‘या कायद्यात स्पष्टपणे तरतूद असेल ते सोडून’ हे शब्द कलमाच्या सुरुवातीलाच आहेत, आणि वकिलांची निम्मी लढाई त्या शब्दांवर होते.

समजा, राजापूर किंवा लांजा तालुक्यातलं एखादं गाव आहे. ग्रामदेवतेचं कौलारू देऊळ होतं, मुंबई मंडळाच्या पैशाने त्याचा जीर्णोद्धार झाला. देवळामागे देवाच्या नावाची थोडी जमीन. नोंदणी झालेली, क्रमांकाच्या आधी ‘ए’ हे अक्षर, कारण हिंदू देवस्थानांच्या नोंदी त्या वर्गात होतात. जीर्णोद्धारानंतर ‘पैसा आमचा, निर्णय तुमचे’ या कारणावरून मुंबईकर आणि गाववाले फाटले. मुंबईकरांनी दादरच्या एका सभागृहात सभा घेतली आणि नवे विश्वस्त निवडले. गाववाल्यांनी देवळाच्या सभामंडपात सभा घेतली आणि वेगळे विश्वस्त निवडले. अध्यक्ष दोन, बँकेत खातं एक. बँक दोघांनाही पैसे देईना.

यांचा पहिला वाद विश्वस्त कोण हा. तो दिवाणी न्यायालयात जात नाही. विश्वस्तांत किंवा नोंदीत बदल झाला की ९० दिवसांत कलम २२ खाली बदल अर्ज द्यायचा असतो. कार्यालयात आणि वकिलांच्या तोंडी त्याला सरसकट ‘चेंज रिपोर्ट’च म्हणतात. दोन गटांचे दोन चेंज रिपोर्ट येतात. सहायक धर्मादाय आयुक्त नोटिसा काढतात, सभेची नोटीस कुणाला पोचली, इतिवृत्तावर सह्या कुणाच्या, सभासदांची यादी कुठली हे तपासतात. कायद्याने त्यांना साक्षीदार बोलावण्याचे, शपथेवर जबाब घेण्याचे न्यायालयासारखे अधिकार दिले आहेत. सर्वांत जास्त घाम इथेच गळतो. कितीतरी देवस्थानांच्या सभासदांची धड यादीच नसते. ‘गावातल्या प्रत्येक चुलीमागे एक’ अशी रीत असते, आणि चुली किती हे सांगायला दोन्ही बाजूंचे आकडे जुळत नाहीत.

एका जुन्या विश्वस्ताने जीर्णोद्धाराच्या पैशात घोळ केला, असा आरोप झाला. इथेही आधी धर्मादाय कार्यालय. हिशेब तपासणी, कलम ४१अ खाली निर्देश, ४१ड खाली निलंबन किंवा पदावरून दूर करणं, मालमत्ता धोक्यात असेल तर ४१इ खाली मनाई, अशी हत्यारं कायद्याने त्या खात्याला दिली आहेत. न्यायालयातच जायचं असेल तर कलम ५० आहे. पण तो दावा तालुक्याच्या कनिष्ठ स्तर न्यायाधीशांपुढे चालत नाही. या कायद्यात ‘न्यायालय’ म्हणजे बृहन्मुंबईत शहर दिवाणी न्यायालय आणि बाकी सगळीकडे जिल्हा न्यायालय. शिवाय हितसंबंध असलेल्या दोन किंवा अधिक व्यक्तींनी तो दाखल करायचा तर आधी कलम ५१ खाली धर्मादाय आयुक्तांची संमती. गावातल्या भांडणात वैयक्तिक सूड उगवायला देवाचं नाव वापरलं जाऊ नये, म्हणून ही चाळणी. हेतू चांगला. प्रामाणिक तक्रारदाराचंही वर्ष-दीड वर्ष या चाळणीत जाऊ शकतं, हेही खरं.

देवळामागची जमीन माझ्या खापरपणजोबांची, ती देवाला कधीच दिलेली नव्हती, असं तिसरा कुणी म्हणू लागला तर? मालमत्ता न्यासाची आहे की नाही हा कलम ७९ चा प्रश्न, म्हणून पुन्हा धर्मादाय कार्यालय. मात्र नोंदणीच्या वेळी ज्याला नोटीसच मिळाली नव्हती, त्या परक्या माणसाचा मालकीहक्क या कुलपात कितपत अडकतो, यावर उच्च न्यायालयात वारंवार काथ्याकूट झाला आहे. शेजाऱ्याने गडगा चार हात पुढे सरकवला, तर गोष्ट वेगळी. जमीन देवस्थानाची हे दोघांना मान्य, हद्द कुठे एवढाच वाद. तो बांध मोजायला धर्मादाय आयुक्त येणार नाहीत, न्यायालयच पाहिजे. फक्त अतिक्रमण करणाऱ्याकडून ताबा परत घेण्याच्या दाव्यांचा उल्लेख कलम ५० मध्येही असल्यामुळे सावध वकील परवानगीचा मुद्दा आधी तपासून घेतो.

त्याच जमिनीत कुणी कूळ असल्याचं सांगत असेल तर तिसरंच दार उघडतं. १९४८ च्या कूळकायद्याच्या कलम ७० प्रमाणे कूळ आहे की नाही हे तहसीलदार ठरवतात आणि कलम ८५ दिवाणी न्यायालयाला त्यापासून दूर ठेवतं. चालू दाव्यात हा मुद्दा निघाला तर दावा थांबवून तेवढा मुद्दा तहसीलदारांकडे पाठवावा लागतो. देवस्थानांना कलम ८८ब ची सवलत आहे. सार्वजनिक पूजास्थानाच्या जमिनीला, अटी पाळल्या आणि प्रमाणपत्र घेतलं असेल तर, कुळाने ती विकत घेण्याची तरतूद लागू होत नाही. कोकणात खोती आणि कुळवहिवाट यांचा इतिहास इतका गुंतलेला, की देवस्थानाच्या फायलीत हा प्रश्न न निघणं हेच नवल.

आणि गुरव? आपल्या घराण्याकडे पूजेचा पिढीजात हक्क आहे, विश्वस्त तो डावलताहेत, असं त्याचं म्हणणं असेल तर तो दिवाणी न्यायालयात जाऊ शकतो. याला आधार देणारा निकाल कोकणच्या किनाऱ्यावरच, खाली उत्तर कन्नड जिल्ह्यात घडला. होन्नावरजवळच्या इडगुंजीच्या विनायकाच्या देवस्थानाचं प्रकरण २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. तो भाग पूर्वी मुंबई राज्यात असल्यामुळे तिथेही हाच कायदा लागू होता. पुजाऱ्यांच्या वंशपरंपरागत हक्काचा असा वाद कलम ८० च्या कुलपात येत नाही आणि दिवाणी न्यायालयाचा अधिकार हिरावला जात नाही, असं त्यात ठरलं.

त्याच वर्षी, त्याच कायद्याखाली उलट बाजूचा निकालही आला, आणि तो चर्चचा होता. २९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात सहा चर्च एकत्र येऊन चर्च ऑफ नॉर्थ इंडिया स्थापन झालं. त्यात ब्रेदरन चर्चही होतं. गुजरातेतल्या काही सभासदांनी विलीनीकरण मानलं नाही आणि जुन्या चर्चच्या मालमत्तेवरचा ताबा सोडला नाही. जुनं चर्च आता उरलंच नाही, त्याची मालमत्ता आमची, असं जाहीर करून मागायला चर्च ऑफ नॉर्थ इंडिया दिवाणी न्यायालयात गेलं. लवजीभाई रतनजीभाई हे नाव वकिलांना पाठ आहे ते याच खटल्यामुळे. सर्वोच्च न्यायालयाने मे २००५ मध्ये सांगितलं की जुना न्यास याच कायद्याखाली नोंदलेला आहे. तो संपला का, त्याची मालमत्ता कुणाकडे गेली हे प्रश्न या कायद्याच्या यंत्रणेतच सुटले पाहिजेत, दिवाणी न्यायालयाला ते ठरवता येणार नाहीत. तीन दशकांहून जुना तंटा अशा रीतीने सुरुवातीच्या प्रश्नावर येऊन थांबला.

दोन निकाल एकमेकांविरुद्ध वाटतात, पण तसे नाहीत. न्यायालय वादीच्या मागणीकडे पाहतं. मागणी ‘हा न्यास, ही मालमत्ता, हे विश्वस्त’ अशी असेल तर दार धर्मादाय आयुक्तांचं. ‘माझ्या घराण्याचा हक्क’ अशी असेल, आणि तो ठरवण्याचा अधिकार १९५० च्या कायद्याने कुणाला दिलेला नसेल, तर दार दिवाणी न्यायाधीशांचं. मागणीला वेगळा सदरा घालून कुलूप चुकवण्याचे प्रयोग रोज होतात. ‘विश्वस्त कोण ते ठरवा’ असं न म्हणता ‘प्रतिवादींनी देवळात अडथळा करू नये, अशी निरंतर ताकीद द्या’ असं मागितलं जातं. न्यायाधीश दावा उघडून आत पाहतात. ताकीद देण्यासाठी आधी विश्वस्त कोण हेच ठरवावं लागणार असेल, तर सदऱ्याचा उपयोग नाही.

या सगळ्याआधीचा एक प्रश्न कोकणात वारंवार निघतो: देऊळ मुळात सार्वजनिक आहे का? एखाद्या घराण्याच्या आवारात कुलदैवताचं देऊळ असतं. पुढे वाडी तिथे नवस बोलू लागते, उत्सवाला वर्गणी जमते, कुणीतरी सभामंडप बांधून देतं. शंभर वर्षांनी घराण्यातला एक वारस म्हणतो देऊळ आमचं, गाव म्हणतं गावाचं. देवकीनंदन विरुद्ध मुरलीधर या १९५६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पाहण्याच्या खुणा सांगितल्या. मूर्ती राहत्या घरात आहे की बाहेर स्वतंत्र देवळात, कायमच्या चौथऱ्यावर बसवलेली आहे का, लोक दर्शनाला येतात ते घरमालकाच्या परवानगीने की हक्काने. नुसती गर्दी म्हणजे सार्वजनिक नव्हे. पण हक्काने येणं सिद्ध झालं की मालकाचा शिक्का पुसला जातो. हा प्रश्नसुद्धा कलम १९ च्या चौकशीत सहायक धर्मादाय आयुक्त ठरवतात.

हक्काने देवळात येणं ही गोष्ट पूर्वी सर्वांना नव्हती, हे रत्नागिरीला वेगळं सांगायला नको. १९०८ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने तमिळ मुलखातल्या कमुदीच्या देवळात नाडारांना प्रवेश नाकारणारी रूढी उचलून धरली होती. तेव्हा दिवाणी न्यायालयाचं दार उघडं असूनही आत न्याय रूढीचा होता. रत्नागिरीत सावरकर स्थानबद्ध असताना देवळात सर्वांना प्रवेश मिळावा यासाठी चळवळ झाली आणि भागोजीशेठ कीर यांनी पैसा घालून पतितपावन मंदिर उभं केलं; १९३१ मध्ये तिथे प्राणप्रतिष्ठा झाली. जुन्या देवळाचा वाद जिंकण्यापेक्षा नवं देऊळ बांधणं सोपं ठरलं, यातच त्या काळच्या कायद्याची स्थिती कळते. १९४७ च्या मंदिरप्रवेश कायद्यानंतर रूढीचा हा बचाव उरला नाही.

रूढीचं दुसरं टोक मात्र अगदी अलीकडचं आहे. देवस्थानाच्या तंट्यात गावकीविरुद्ध गेलेल्या घराला वाळीत टाकायचं, पालखी त्याच्या दारात न्यायची नाही, त्याच्या मयतीला जायचं नाही, हे प्रकार रायगड-रत्नागिरीत इतके गाजले की राज्याला सामाजिक बहिष्काराविरुद्ध वेगळा कायदा करावा लागला. २०१६ मध्ये विधिमंडळाने तो मंजूर केला, २०१७ मध्ये तो अमलात आला. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड. पालखी आधी कुणाकडे, हा प्रश्न दिवाणी न्यायालय ऐकणार नाही; पण पालखी एका घराला मुद्दाम वगळते आहे, तेही बहिष्काराचा भाग म्हणून, असं दिसलं तर प्रकरण फौजदारी होतं. शांतताभंगाची भीती असेल तेव्हा कार्यकारी दंडाधिकारी हुकूम काढतात. पूर्वीचं १४४ कलम, जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १६३. त्याने हक्क कुणाचाच ठरत नाही, तेवढा शिमगा पार पडतो.

कोकणात सगळीकडे एकच कायदा आहे, असंही नाही. सावंतवाडी संस्थानातली देवस्थानं पश्चिम महाराष्ट्र देवस्थान व्यवस्थापन समितीकडे, म्हणजे कोल्हापूरच्या अंबाबाईबरोबर. दर्गे आणि मशिदींच्या वक्फ मालमत्तांना वक्फ न्यायाधिकरण. पंढरपूरला १९७३ चा स्वतंत्र कायदा. बडवे-उत्पातांनी तो न्यायालयांत लढवला आणि जानेवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात ते हरले. शिर्डीला २००४ चा कायदा. नेहमीच्या ग्रामदेवतेला मात्र १९५० चाच.

कुलूप लावलं म्हणून न्यायालय कायमचं बाहेर राहतं, असा समज करून घेण्याचं कारण नाही. सहायक आयुक्तांच्या नोंदणीच्या निर्णयावर धर्मादाय आयुक्तांकडे अपील, त्यावर कलम ७२ खाली जिल्हा न्यायालय, तिथून उच्च न्यायालय. प्रश्न शेवटी न्यायाधीशापुढेच येतो, फक्त वाट लांबची. ही वाट बरी की वाईट? विशेष अधिकाऱ्याकडे देवस्थानांची नोंदवही, जुने हिशेब, घटना सगळं एका जागी असतं. दिवाणी न्यायाधीशाला ते कागद मागवण्यातच वर्ष जाईल. त्या अर्थी १९५० ची रचना शहाणपणाची आहे. ती फसते ती दोन विरोधी चेंज रिपोर्ट निकालाविना पडून राहतात तेव्हा. मग गावातलं दांडगं टोळकं चाव्या हातात ठेवतं आणि कायद्याची वाट बघणारा बाहेर राहतो.

चुकीच्या दारात दावा लावला तर काय होतं? महाराष्ट्रात पूर्वी दिवाणी संहितेला ९अ हे खास कलम जोडलेलं होतं. अंतरिम अर्जाच्या वेळीच अधिकारक्षेत्राचा आक्षेप निघाला तर आधी तो ठरवायचा, असा त्याचा नियम. त्यामुळे मूळ दावा वर्षानुवर्षं जागचा हलत नसे. २०१८ मध्ये राज्याने ते कलम काढून टाकलं. आक्षेप अर्थातच राहिला. न्यायालयाला अधिकार नाही असं ठरलं तर दावा योग्य ठिकाणी दाखल करण्यासाठी परत केला जातो किंवा फेटाळला जातो. मधल्या काळात मुदत संपू नये म्हणून मुदत कायद्याचं कलम १४ आहे: चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे आणि काळजीपूर्वक घालवलेला काळ वजा होतो. माहीत असून मुद्दाम चुकीचं दार ठोठावणाऱ्याला ही सवलत नाही.

ज्या देवस्थानाने नोंदणीच केलेली नाही, त्याची गत याहून अवघड. कलम ३१ प्रमाणे नोंदणी न झालेल्या सार्वजनिक न्यासाच्या वतीने हक्क बजावण्याचा दावा कोणत्याही न्यायालयाने ऐकायचा वा निकालात काढायचा नाही. दाखल करता येतो, पुढे सरकत नाही. जमिनीवर कुणी अतिक्रमण केलं, देणगीचे पैसे कुणी दाबले, तरी आधी नोंदणी, मग न्याय. आणि नोंदणी करून घेणं ही विश्वस्ताची ऐच्छिक बाब नाही, कलम १८ खाली ते त्याचं कर्तव्य आहे. जमीन विकायची असेल, किंवा शेतजमीन दहा वर्षांहून आणि बिगरशेती जागा तीन वर्षांहून जास्त मुदतीने भाड्याने द्यायची असेल, तर कलम ३६ खाली आयुक्तांची मंजुरी लागते. ती न घेता झालेल्या व्यवहारांचे खटले पुढच्या पिढीच्या वाट्याला येतात.

अपिलांच्या बाबतीत रत्नागिरीकरांची एक जुनी अडचण नुकतीच कमी झाली आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात बसतं आणि रत्नागिरी व सिंधुदुर्ग जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. उच्च न्यायालयात पोचलेल्या देवस्थानाच्या प्रकरणासाठी आता मुंबईच्या गाडीऐवजी आंबा घाटाची एसटी धरायची.

पुढच्या शिमग्याआधी गावकीने एक काम मात्र जरूर करावं. धर्मादाय कार्यालयातून आपल्या देवस्थानाच्या परिशिष्ट एकचा उतारा काढून आणावा आणि तो सभेत मोठ्याने वाचावा. विश्वस्त म्हणून नोंदवहीत आज कुणाची नावं आहेत, त्यातले हयात किती, शेवटचा बदल कधी मंजूर झाला, जमिनीचे गट क्रमांक सातबाऱ्याशी जुळतात का, हे सगळ्यांना कळू द्या. मयत विश्वस्तांची नावं तशीच असतील तर भांडण उभं राहण्याआधी, सगळे अजून एका सतरंजीवर बसताहेत तोवर, चेंज रिपोर्ट दाखल करा.